परत मागितलेलं वाण

तीन आठवड्यांपूर्वीच्या मंगळवारी सकाळी मी मेथी निवडत बसले होते आणि लखनौहून फोन आला. नलूताईची मुलगी शुभा बोलत होती. शुभा लखनौतच वाढली. तिला मराठी सगळं समजतं, उत्तर मात्र हिंदीत येतं. "मौसी," ती म्हणाली, "आई नहीं रहीं. आज सुबह... चाय पीते-पीते." अशा वेळी माणसं काय विचारतात? त्रास झाला का, जवळ कोण होतं, तू जेवलीस का. मी त्र्याहत्तर वर्षांची, चार नातवंडांची आजी, कुणाकडे काही झालं की सांत्वनाला मलाच पुढे करतात. आणि माझ्या तोंडून निघालं, "काल काय खाल्लं होतं तिनं?"  शुभा हळूच म्हणाली, "खिचड़ी, मौसी. मैंने ही बनाई थी." मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. नलूताई एकोणऐंशी वर्षांची होती, हृदय थकलेलं होतं, डॉक्टरांनी वर्षभर आधीच सांगून ठेवलं होतं. तरी माझा पहिला प्रश्न तोच. गेली तीस वर्षं कुणी गेल्याचं कळलं की मला आधी त्याच्या ताटाची भीती वाटते. ही भीती कुठून आली ते सांगायचं तर नलूताईबद्दल सांगावं लागेल, आणि नलूताईबद्दल खरं सांगायचं तर माझ्याबद्दलही. तेव्हा वाचकहो, आधीच सांगते, या लेखात एक बाई फार मूर्ख आहे आणि ती नलूताई नाही.

नव्वदच्या दशकात यांची रेल्वेतली बदली लखनौला झाली. मी पुण्याची. लखनौबद्दल मला एवढंच ठाऊक होतं की तिथे मराठी भाजी मिळणार नाही. म्हणजे काय मिळणार नाही, ते मलाही सांगता आलं नसतं. जानकीपुरमला राहणारी नलूताई मराठी मंडळात भेटली. ती नागपूरची, माझ्याहून सहा वर्षांनी मोठी, पण अहो-जाहो केलेलं तिला खपत नसे. "तू म्हण वं, मी काय तुझी सासू आहे?" तिचे यजमान एका सरकारी प्रयोगशाळेत होते. सगळे त्यांना डॉक्टरसाहेब म्हणत, पण ते डॉक्टर होते ते जंतूंचे, माणसांचे नव्हेत. दोघं दोन वर्षं अमेरिकेत राहून आली होती. तिथून लोक काय काय आणतात! नलूताईनं आणल्या होत्या काचेच्या दोन डझन बाटल्या, दोन भागांच्या झाकणांच्या. वर एक सपाट चकती आणि ती आवळून धरणारी कडी. आणि आणली होती एक कृती, शेजारच्या मेक्सिकन बाईकडून शिकलेली. भाजलेल्या मिरच्यांचा सालसा, त्यांच्याकडची चटणी.

सालसा म्हणजे काय हे मला पहिल्या दिवशी न विचारता समजलं होतं. मिरच्या भाजायच्या, त्यांची सालं काढायची, म्हणून सालसा! हे मी मंडळातल्या तीन बायकांना समजावूनही सांगितलं. नलूताई मागे उभी राहून ऐकत होती. "हो ना," ती म्हणाली, "आणि कढी कढत असते म्हणून कढी." तेव्हाची ती सुमन, म्हणजे मीच, मला आज भेटली तर तिच्या ओच्यात दोन मिरच्या बांधून तिला परत पाठवीन.

थंडीत लखनौच्या बाजारात जाड, लालभडक मिरच्या येतात. तिथले लोक त्यांचं मसाला भरून लोणचं घालतात. नलूताई त्या कोळशाच्या शेगडीवर काळ्या होईपर्यंत भाजायची. सगळ्या गल्लीला ठसका लागे. शेजारच्या मिश्राभाभी पदर नाकाला लावून गच्चीवरून ओरडायच्या, "अरे नलिनीजी, मोहल्ला खाली कराओगी क्या?" भाजलेल्या मिरच्या पातेल्यात घालून ओल्या फडक्यानं झाकायच्या, वाफेनं सालं सुटतात. हाताला मोहरीचं तेल लावून ती सोलायची. टोमॅटो, कांदा, लसूण हेही शेगडीवरच भाजायचं. सगळं जाडसर कुटून, शिजवून, गरम बाटल्यांत भरायचं, वर बोटभर जागा सोडायची, आणि मग झाकण लावलेल्या बाटल्या पातेल्याच्या बुडाशी फडकं घालून पाण्यात उकळायच्या. हा सगळा पसारा मला आवडे. एक गोष्ट सोडून... सिरका. लखनौत उसाचा काळपट सिरका, म्हणजे व्हिनेगर, मिळतो. त्याचा वास नाकात घुसला की मला शाळेतली प्रयोगशाळा आठवे. नलूताई प्रत्येक बाटलीत दोन मोठे चमचे सिरका घालायची आणि चमचा पुन्हा पुन्हा निरखायची. "जास्त होतोय," मी म्हणायची. "चव नको पाहू, माप पाहा," ती म्हणायची.

त्या वर्षी संक्रांतीच्या आधी आम्ही माझ्या क्वार्टरमध्ये सालसा केला. शेवटच्या चार बाटल्या राहिल्या असताना शुभाला शाळेत ताप भरल्याचा निरोप आला आणि नलूताई स्कूटर काढून गेली. जाताना दारातून ओरडली, "दोन चमचे, सुमे! मोजून!" दार लागलं आणि मी, पुण्याच्या चार पिढ्यांच्या स्वयंपाकाची वारसदार, कामाला लागले. मनात म्हटलं, संक्रांतीचा पदार्थ आणि त्यात गुळाचा खडा नाही? चार बाटल्यांत मिळून मी सिरका घातला चहाचा एक चमचा. बाकी जागी गूळ. सढळ हातानं. चाखून पाहिलं, बोटं चाटली, स्वतःचीच पाठ थोपटली. वर उकळून काढलेल्या त्या बाटल्या लखनौच्या थंडीत गारठतील म्हणून गॅसच्या शेजारच्या फळीवर, उबेत ठेवल्या.

माझ्या हळदीकुंकवाला आठ-दहा जणी आल्या. सगळ्यांना स्टीलच्या वाट्या वाटल्या, आणि ज्या दोघी लांबून आल्या होत्या त्यांना खास वाण म्हणून सालसाची एकेक बाटली. एक चिनहटच्या कुलकर्णीवहिनी. दुसरी मीनल, अमौसीला विमानतळावर नोकरी करणाऱ्या एका मराठी तरुणाची बायको, पंचविशीची, सातवा महिना लागलेली. तिला तिखटाचे डोहाळे होते. बाटली तिच्या ओटीत घालताना मी म्हणाले, "तुझ्या बाळाला आत्तापासून सवय होऊ दे." एक बाटली नलूताईला दिली, एक माझ्याकडे ठेवली. सिरक्याचं मी कुणालाच सांगितलं नाही. सगळ्यांनी चव वाखाणली की मग पत्ता उघडायचा, असा माझा बेत होता.

त्यानंतर दहाएक दिवसांनी नलूताई सकाळी आली. बाहेर धुकं इतकं की फाटकाजवळची स्कूटर दिसत नव्हती. मी चहा ठेवला आणि मोठ्या कौतुकानं फळीवरची बाटली तिच्यापुढे केली. "बघ, झाकण कसं टम्म फुगलंय! पोळीसारखं." माझ्या मते फुगणं म्हणजे साधणं. नलूताईनं बाटलीला हात लावला नाही. तिनं आधी गॅस बंद केला. मग विचारलं, "सुमे, सिरका किती घातला होता?"

"तू सांगितलास तेवढा."

"माझ्याकडे पाहून सांग."

मी तिच्याकडे पाहिलं आणि सांगितलं. गुळासकट सांगितलं. नलूताई खुर्चीवर बसली. एरवी ती अशा वेळी हसली असती. ती म्हणाली, "तुम्ही पुण्याचे लोक विषातही गूळ घालाल वं..." आणि तिचंच वाक्य तिला ऐकू आल्यासारखी थांबली. मग तिनं मला जे सांगितलं ते मी आजही जसंच्या तसं सांगू शकते. हवा नसलेल्या बाटलीत एक जंतू वाढतो. उकळत्या पाण्यानं तो मरत नाही. तो घाबरतो फक्त आंबटाला. त्याच्या विषाला कधी वास असतो, कधी काहीच नसतो. खाणाऱ्याला कळत नाही. आधी पापण्या जड होतात. मग एकाचे दोन दिसतात. मग घास गिळता येत नाही. आणि मग श्वास... "डॉक्टरसाहेबांनी मला अमेरिकेत पहिल्याच दिवशी सांगितलं होतं," ती म्हणाली, "मी तुला फक्त माप सांगितलं. कशासाठी ते नाही सांगितलं." मला तेव्हा एकच चेहरा दिसत होता. मीनलचा. आणि तिचं ते पोट.

विमानतळाच्या वसाहतीतला फोन लागेना. नुसता खरखरत होता. नलूताईनं शाल डोक्यावरून घट्ट गुंडाळली. मी म्हणाले, "पण दिलेलं वाण परत कसं मागायचं?" होय, हे मी म्हणाले. एका पोटुशा मुलीच्या घशात विष उतरत असेल, आणि माझ्या डोक्यात काय तर सवाष्णीला दिलेलं वाण परत घेतलं तर अपशकुन! नलूताई म्हणाली, "चाल. बस मागे."

चिनहट वाटेवर नव्हतं, पण तिथे आधी गेलो, कारण मी रस्ता चुकीचा सांगितला. भीतीनं मला डावं-उजवं कळेना. कुलकर्णीवहिनींनी बाटली शोकेसमध्ये बाहुलीशेजारी मांडून ठेवली होती. न उघडता. ती मिळाली, पण अर्धी सकाळ गेली. तिथून अमौसी म्हणजे शहराचं दुसरं टोक. धुक्यात समोरून ट्रकचे दिवे अचानक उगवायचे. नलूताई एका हातानं चष्मा पुसत स्कूटर चालवत होती. मी मागे बसून मनात मीनलशी बोलत होते... बाई गं, उघडू नकोस. तुला मळमळत असू दे. तुझी सासू तिखट बंद करणारी असू दे.

सासू होतीच घरात. कोल्हापूरहून बाळंतपणासाठी आलेली, उंच, खणखणीत आवाजाची. दारातच नलूताईनं विचारलं, "ती बाटली कुठाय?" सासूबाई हसल्या, "कुठली? ती मिरचीची? संपली की! पोरीनं भाकरीसंगं तीन दिवस ओरपली. काल सांजंला बोटानं पुसून खाल्ली." स्वयंपाकघरात ती बाटली घासून, पुसून ठेवलेली होती आणि तिच्यात मेथीचे दाणे भरलेले होते.

मीनल आतून आली. "काय झालं हो मावशी?" तिनं जांभई दिली. "फार झोप येतेय आज." तिच्या पापण्या जड दिसत होत्या. गरोदर बायकांच्या दिसतात. मला दोन मुलं झालेली, मला ठाऊक होतं. तरी मी चपला ठेवायच्या फळीवर बसले.

सासूबाईंचं हसू मावळलं. "काय झालंय? काय हुतं त्या बाटलीत?"

आता जे घडलं ते घडायला तीन श्वासांएवढा वेळ लागला. नलूताईनं माझ्याकडे पाहिलं. रागानं नाही. नुसती वाट पाहिली. पहिला श्वास, दुसरा, तिसरा... मी माझ्या चपलेच्या अंगठ्याकडे पाहत होते. अंगठा तुटायला आला होता. तो अंगठा मला आजही नीट आठवतो. मग नलूताई म्हणाली, "माझ्याकडून चूक झाली. माझ्या कृतीत आंबट कमी पडलं. बाधा होऊ शकते. हिला दवाखान्यात नेऊ."

सासूबाई जे बोलल्या ते सगळं छापण्याजोगं नाही. "वाण म्हणून इख घातलंसा माज्या सुनंच्या वटीत? आणि परत न्यायला आलाय व्हय? सवाष्ण हाय न्हवं तुम्ही?" नलूताई मान खाली घालून ऐकत होती. मी तिच्या मागे उभी. एक शब्द... मला एक शब्द बोलायचा होता.

जवळच्या दवाखान्यातले डॉक्टर हसले. "अरे बहनजी, चटनी से भी कोई मरता है?" पण नलूताईनं त्यांच्या टेबलावरून डॉक्टरसाहेबांना प्रयोगशाळेत फोन लावून दिला, तेव्हा त्यांचं हसणं थांबलं. यावरचं औषध लखनौत नव्हतं. दिल्लीहून मागवायचं, तेही लक्षणं दिसली तर. तोवर नजर ठेवायची. बहुतेक वेळा दीड-दोन दिवसांत कळतं, पण आठ-दहा दिवसही लागू शकतात. नलूताई मीनलच्या घरी राहिली. सासूबाई तिच्याशी बोलत नव्हत्या, तिला पाणीसुद्धा देत नव्हत्या. ती दाराजवळच्या स्टुलावर बसून राही आणि तासातासानं मीनलला वर्तमानपत्रातलं बारीक अक्षर वाचायला लावी, पाण्याचा घोट गिळायला लावी. मी रोज सकाळी जायची आणि संध्याकाळी घरी परतायची. घरी यांच्यासमोर बोटं नाचवून विचारायची, "किती?" हे म्हणायचे, "दोन. आणि तुझं डोकं एक, तेही जाग्यावर नाही." यांनी ती बाटली चाखलीच नव्हती. पण भीतीला कुठे कळतंय कुणी काय खाल्लं ते.

चौथ्या दिवशी मीनल वाचताना अडखळली. "मावशी, ही ओळ हलतेय." नलूताईनं कागद तिच्या हातातून घेतला आणि ती ओळ स्वतः वाचून पाहिली. कागद थंडीनं मीनलच्या हातात हलत होता की कशानं, कुणास ठाऊक. खिडकी लावली, शाल घातली, पुन्हा वाचायला लावलं. मीनलनं पूर्ण रकाना वाचला, एकही अक्षर न चुकता. नलूताई बाहेर गेली आणि तुळशीच्या कुंडीशेजारी ओकली.

मीनलला काही झालं नाही. अकरा दिवसांनी नलूताई आपल्या घरी गेली. वसंतात मुलगी झाली, गुटगुटीत. उरलेल्या तिन्ही बाटल्या डॉक्टरसाहेबांनी न उघडता नेल्या आणि नष्ट केल्या. मीनलच्या बाटलीत ते विष होतं की नुसत्या माझ्याच बाटलीला आंबल्यामुळे फुगवटा आला होता, हे कधीच कळलं नाही. न कळणं ही फार वाईट गोष्ट आहे. कळलं असतं तर भीती एका जागी बसली असती. ती अजून फिरते आहे.

आणि एक गोष्ट फिरली मंडळात. सासूबाई कोल्हापूरला परतेपर्यंत घराघरांत पोचली होती. नलूताईचं वाण. पुढच्या गणपतीत पंगतीला तिनं केलेली वांग्याची भाजी तशीच राहिली. बायका वाढून घ्यायच्या आणि पानाच्या कडेला सारायच्या. मी तिच्या शेजारी बसून ते पाहिलं. मी ती भाजी खाल्ली, दोनदा मागून घेतली. एवढंच माझं शौर्य. घरी जाताना तिला म्हणाले, "मी सांगून टाकते सगळ्यांना." ती म्हणाली, "आता कायले? तुझ्या यजमानांच्या साहेबाची बायको तिथंच बसते. मला काय, मी अमेरिकेत दोन वर्षं एकटी जेवली." मला जे हवं होतं ते तिनं मला देऊन टाकलं, आणि मी ते वाणासारखं पदरात घेतलं. तीन वर्षांनी यांची बदली झाली. पुढे पत्रं, मग फोन. दर संक्रांतीला मी ठरवायची की मंडळाला पत्र लिहीन. कागद घ्यायची, "सप्रेम नमस्कार" लिहायची... आणि मग तिळाचे लाडू वळायला उठायची.

गेल्या आठवड्यात मी शुभाला फोन केला. तिला मराठी वाचता येत नाही. म्हणजे हा लेख इथे छापून आला तरी लखनौत तिच्यापर्यंत पोचणार नाही हे मला पक्कं ठाऊक होतं, आणि लिहायला बसले तेव्हा त्याचा मला आधारच वाटत होता. ही सुमन अजून मेलेली नाही बघा. म्हणून मी तिला हे सगळं फोनवर वाचून दाखवलं. एक चमचा सिरका, गूळ, चपलेचा अंगठा, सगळं. माझा आवाज मलाच अनोळखी वाटत होता. वाचून झालं.

शुभा म्हणाली, "मौसी, इसीलिए?"

"कशासाठी इसीलिए?"

"घर पे कोई भी खाने आए, आई सबके सामने पहला कौर ख़ुद खाती थी. फिर आँखें बड़ी करके दिखाती, और तब परोसती. हम पूछते तो कहती, नागपूरची रीत आहे." शुभा 'नागपूरची रीत आहे' एवढंच मराठीत म्हणाली, अगदी आईच्या स्वरात. "मैं भी करती हूँ, मौसी. मेरी बेटी भी. मेरी सास भी अब करने लगी हैं. हमें लगा नागपुर में सब करते होंगे."

 मी म्हणाले, "नागपूरला असं कुणी करत नाही गं."

"तो छोड़ दूँ?"

मी म्हटलं, "नको सोडूस. पण कुणी विचारलं तर रीत पुण्याची आहे म्हणून सांग. पुण्याच्या एका भित्र्या बाईमुळे पडली म्हणून सांग." ती रडत होती की हसत होती, मला फोनवर कळलं नाही. तिची मुलगी मागून विचारत होती, "मम्मा, क्या हुआ?" आणि शुभा तिला म्हणाली, "कुछ नहीं. नानी की बात है."

फोन ठेवला तेव्हा दुपारचा एक वाजला होता. नातू शाळेतून आला, हातपाय धुऊन पाटावर बसला. मी पिठलं केलं होतं, साधंच. त्याचं पान वाढलं, आणि तो घास उचलणार तेवढ्यात त्याचा हात धरला. "आजी, काय गं?" "थांब," मी म्हटलं, आणि त्याच्या ताटातला पहिला घास मी खाल्ला. पिठल्यात काही नव्हतं, हे मला ठाऊक होतं, मीच केलं होतं. तरी तो घास घशाखाली उतरेपर्यंत मी घाबरलेली होते. मग डोळे मोठे करून त्याला दाखवले, आणि म्हटलं, आता जेव.